रास लफानच्या बसमधली क्लोदीनबाई

जून आला हे मला कॅलेंडर सांगत नाही, चष्मा सांगतो. दोह्यातल्या फरीज बिन ओमरान वस्तीतल्या आमच्या इमारतीच्या दाराबाहेर पाऊल टाकलं की दोन्ही काचा एकदम पांढऱ्या होतात. आतला गारठा आणि बाहेरची वाफ यांची गाठ नेमकी माझ्या नाकावर पडते. मग मी रंगमंचावर दिवे गेलेल्या नटासारखा जागच्या जागी उभा राहतो, रुमाल चाचपतो, आणि समोरच्या किराणा दुकानातला मलबारी शेठ दरवर्षी तेच वाक्य टाकतो, "भाईसाब, गर्मी आ गया." जणू एवढा वेळ ती कोपऱ्यावर सिग्नल सुटायची वाट पाहत थांबली होती.

या ऋतूला सुंदर म्हणणारा माणूस मला अजून भेटलेला नाही. मला मात्र तो मनापासून आवडायचा. गार पाण्याच्या नळाला कढत पाणी येतं, म्हणून सकाळीच बादली भरून एसीखाली ठेवायची आणि संध्याकाळी त्या पाण्यानं आंघोळ करायची. गाडीच्या स्टिअरिंगवर ओला टॉवेल. रस्त्याकडेच्या खजुरीच्या झाडांवर हिरवे घोस पिवळे व्हायला लागतात आणि पालिकेचे लोक त्यांना जाळीच्या पिशव्या बांधतात. लांबून वाटतं, झाडांनी बाजार करून आणलाय. दुपारी उघड्यावरचं काम बंद होतं आणि शहर पडदा पाडल्यासारखं गप्प बसतं. हे सगळं मी वीस वर्षं मजेत पाहत आलो. गेल्या वर्षीपासून मात्र चष्मा पांढरा झाला की तो लवकर पुसावासा वाटत नाही. कारण जून हा मुक्त विद्यापीठाच्या परीक्षेचा महिना आहे, आणि मी केलेल्या एका गुन्ह्याचाही. त्याला साक्षीदार छप्पन्न सीटची एक भरलेली बस आहे.

मी जन्मजात बोलघेवडा. इतिहासात एम.ए. केलं ते इतिहासाच्या प्रेमानं नव्हे, बोलायला विषय हवा म्हणून. मिरजेच्या एका कॉलेजात दोन वर्षं तासिका तत्त्वावर शिकवलं. एकोणिसाव्या शतकातला युरोप हा माझा हुकमी प्रयोग. राजे पळवताना मी टेबलावरून खरोखर उडी मारायचो. दुसऱ्या वर्गांतली मुलं खिडकीशी येऊन उभी राहायची आणि मी त्यांच्याकडे बघतच नाही असं दाखवत त्यांच्यासाठीच बोलायचो. त्या शतकातल्या भल्या उदारमतवाद्यांची नक्कल तर माझ्यासारखी कुणीच करत नसे. 'सगळे' हा शब्द ते छातीवर हात ठेवून उच्चारत. स्वातंत्र्य सगळ्यांना, कायदा सगळ्यांना. आणि त्या सगळ्यांत बायका नसत, घरातले गडी नसत, समुद्रापलीकडच्या वसाहतींतली माणसं तर नसतच. मी छातीवरचा हात हळूहळू खिशाकडे नेई आणि वर्ग हसून लोळे.

मग संसार आला, आखात आलं, आणि मी दोह्यात एका कंत्राटदार कंपनीत डॉक्युमेंट कंट्रोलर झालो. म्हणजे कुठला नकाशा चालू आणि कुठला रद्द ते सांभाळणारा माणूस. जुना नकाशा साइटवर गेला तर भलत्या खड्ड्यात भलती केबल पडते, म्हणून रद्द झालेल्या प्रत्येक कागदावर मी लाल शिक्का मारतो. त्या कामात मी आजवर चुकलेलो नाही. हे मुद्दाम सांगतो, कारण पुढं जे केलं ते हलगर्जीपणानं केलं असं कुणाला वाटू नये.

भागवत आमच्याच कंपनीतला इलेक्ट्रिशियन, औसा तालुक्यातला, शहराच्या उत्तरेला रास लफानच्या गॅस साइटवर. आठवड्यातून एकदा नकाशे न्यायला माझ्या खिडकीशी येई. गेल्या वर्षी मार्चमध्ये आला तेव्हा त्याच्या काखेत, हेल्मेटच्या आड, एक जाड हिंदी पुस्तक होतं. युरोपचा इतिहास. मला जुनी प्रेयसी परक्याच्या काखेत दिसावी तसं झालं.

"हे काय, भागवत?"

"बी.ए. करायलोय सर. सगळे पेपर निघाले, ह्यो एकच उरावर बसलाय."

"उदारमतवाद म्हणजे काय?"

त्यानं डोळे मिटून हिंदीत चार ओळी घडाघडा म्हटल्या.

"कळलं का?"

"पाठ हाय. कळलं न्हाई."

मग त्यानं कारण सांगितलं. पदवी हातात आली, तिचं अटेस्टेशन, म्हणजे सरकारी शिक्कामोर्तब, झालं, की कंपनी त्याला सुपरवायझर करणार होती. त्या हुद्द्यावर कुटुंबाचा व्हिसा निघतो. औशात त्याची बायको सुनीता ब्लाउज शिवत होती आणि मुलगी वैष्णवी तिसरीत होती. सात वर्षांत त्यानं मुलीला पाच सुट्ट्यांमध्ये पाहिलं होतं. "दरवेळंस नवीनच पोरगी भेटतीया," तो म्हणाला. एक पेपर, आणि मग तिघं एका घरात.

मी म्हटलं, "युरोप माझ्यावर सोड." खिडकीच्या मागे खुर्चीतच मी नकळत ताठ बसलो होतो.

पण शिकवायचं कधी? त्याला सुट्टी फक्त शुक्रवारी, त्यातला निम्मा दिवस कपडे आणि स्वयंपाकात जायचा. तेव्हा मी फोनवर व्हॉइस नोट पाठवायला लागलो. संध्याकाळी इमारतीखाली गाडी एसी लावून उभी करायची आणि वीस मिनिटं फोनला युरोप सांगायचा. सनैयातल्या, म्हणजे इंडस्ट्रियल एरियातल्या, कॅम्पवरून त्याची बस पहाटे निघे. रास लफानपर्यंतच्या वाटेत तो ते ऐके. दोन दिवसांनी शेजारच्या नेपाळी फिटरनं एक इअरफोन मागून घेतला. आठवड्याभरात पेशावरच्या ड्रायव्हरनं फोन बसच्या स्पीकरला जोडायला लावला. माझं मराठी वाजे, मग भागवत पुढच्या दांडीला धरून उभा राही आणि सगळं हिंदीत सांगे, आणि मागच्या बाकांवर त्याचं आणखी काहीतरी होई. बिचारा युरोप रोज तीन नाक्यांवर झडती देत उत्तरेकडे जात होता.

आणि ती बस, खोटं कशाला बोलू, मिरजेपेक्षा हुशार होती. राज्यघटना म्हणजे काय, हे समजावताना मी म्हटलं, राजा चांगला आहे की वाईट हा प्रश्नच नाही, चांगला असला तरी कागद हवा. त्यावर बसमध्ये म्हणे सगळे एकदम बोलायला लागले. लंडनच्या भाड्याच्या खोलीत बसून, अजून जन्माला न आलेल्या आपल्या राष्ट्राला पत्रं लिहिणारा इटलीचा एक निर्वासित होता. तो तर त्यांना लगेच कळला. "त्याच्याकडं व्हिडिओ कॉल नव्हता म्हणून क्रांती झाली," असं फिटरचं मत पडलं.

फ्रान्सचा राजा अठराशे अठ्ठेचाळीसच्या फेब्रुवारीत गादी सोडून पळाला तेव्हा त्यानं गालमिश्या भादरल्या, गॉगल लावला आणि खोटं नाव घेऊन इंग्लंडची बोट पकडली. हे खरं आहे. इतिहास स्वतःच इतका नाटकी असताना माझ्या पदरचं काही घालायची गरज नव्हती. पण काही लोक भाजीची चव न बघताच मीठ मागतात, मी त्यांतला.

एके दिवशी भागवतचा निरोप आला. "सर, आज बस झोपली. मताधिकारावर."

कुठल्याही नटाला विचारा, प्रेक्षक झोपल्याची बातमी कशी लागते. त्या संध्याकाळी गाडीत बसलो आणि क्लोदीन जन्मली. पॅरिसमधली टोप्या शिवणारी बाई, पाचव्या मजल्यावर एकटी, सुईनं बोटं भोकसलेली. शिवणकाम का, तर भागवतनं सुनीताच्या मशीनबद्दल सांगितलेलं डोक्यात होतं. गल्लीत अडथळा रचताना लोकांनी गाड्या, दगड, पलंग आणून टाकले, हे पुस्तकात आहे. त्यावर कपडे बेतायचं आपलं एकुलतं एक टेबल आणून ठेवणारी बाई पुस्तकात नाही. ती मी ठेवली.

"एकबी झोपला न्हाई," दुसऱ्या दिवशीचा निरोप. "क्लोदीनबाई पुढं काय केली, विचारायलेत."

ती पुढं बरंच काही केली. पोलिसाला जिन्यावरून परत पाठवलं, छापखान्यातून पत्रकं टोपीच्या अस्तरात शिवून नेली. माझी मुलगी ईरा तेव्हा दहावीत होती आणि तिच्या पुस्तकात पहिलाच धडा या शतकाचा. ती एकदा मागच्या सीटवर बसून ऐकत होती.

"बाबा, इज शी रिअल?"

"एका अर्थी."

"इतिहासात एका अर्थी नसतं," असं ती इंग्रजीत म्हणाली आणि दार लावून वर गेली.

आता तो दिवस. भागवत माझ्या नोट औशालाही पाठवत होता हे मला तोवर माहीत नव्हतं. सुनीता ब्लाउज शिवता शिवता त्या ऐकायची. मी निवडणुकीपर्यंत आलो होतो. एप्रिल महिना, नवं प्रजासत्ताक, मताचा हक्क सगळ्यांना. सगळ्यांना, असंच म्हणालो होतो मी, छातीवर हात ठेवून, गाडीत एकटाच. तर भागवतची नोट आली: "सर, सुनीता विचारायली, क्लोदीनबाईला मत टाकू दिले का?"

मला उत्तर माहीत होतं. मिरजेत दोन वर्षं हेच शिकवलं होतं. एकवीस वर्षांवरच्या पुरुषांना मत होतं, बाईला नव्हतं. चार शब्दांचं उत्तर. पण मला औशातलं थांबलेलं शिलाई मशीन दिसलं, पहाटेची बस दिसली, आणि मी बटण दाबून धरलं. म्हणालो, दिलं तर. रांगेत पहिली तीच होती. पेटीशी बसलेल्या अधिकाऱ्यानं तिला बघून टोपी काढली, आणि ती टोपी तिनंच शिवलेली होती.

हे शेवटचं वाक्य सुचलं तेव्हा मी आनंदानं स्टिअरिंगवर थाप मारली आणि हॉर्न वाजला.

शुक्रवारी खुलासा करू, असं ठरवलं होतं. देवाशप्पथ ठरवलं होतं. शुक्रवारी भागवत आला तो सांगतच आला, की सुनीतानं ते तीनदा ऐकलं, आणि मापं द्यायला येणाऱ्या बायकांना टोपीची गोष्ट सांगते. मी चहा गाळत होतो. गाळतच राहिलो. आणखी एक गोष्ट मी गाळली. त्याच वर्षी जूनमध्ये त्याच प्रजासत्ताकाच्या सैन्यानं त्याच शहरातल्या कामगारांवर गोळ्या चालवल्या. बसमधल्या लोकांना भल्या पहाटे हे कशाला, असं मी स्वतःला समजावलं. खरं कारण एवढंच, की जून सांगायचा तर क्लोदीन त्या गल्लीतच असणार, आणि तिला मारायची माझी तयारी नव्हती. म्हणून माझ्या क्रांतीत एप्रिलनंतर महिनेच नव्हते.

परीक्षेचं केंद्र एका भारतीय शाळेत होतं. मीच त्याला सोडायला गेलो. भिंतीवर पोरांनी रंगवलेले मासे, आणि बुटक्या बाकांवर गुडघे दुमडून बसलेले मोठे लोक: ड्रायव्हर, नर्सबाई, एक सेल्समन. गाडीत मला पंचवीस मिनिटं मिळाली होती. त्या पंचवीस मिनिटांत मी दोनदा म्हणालो, "पाणी पीत राहा."

तीन तासांनी तो बाहेर आला तेव्हा त्याचा शर्ट भिजून पाठीला चिकटला होता आणि चेहरा उजळला होता.

"सर, आला की. वीस मार्काला. फ्रान्समधल्या मताधिकाराच्या मर्यादा स्पष्ट करा."

"मग?"

"मी लिहिलो, मर्यादा नव्हतीच म्हणून. उदाहरणासहित. चार पानं. टोपीसुद्धा घातलो शेवटी."

मी म्हणालो, "छान."

माझ्या जागी दुसरा काय म्हणाला असता, हा प्रश्न मी स्वतःला पुष्कळ वेळा विचारलाय. सिग्नल लाल होता, खजुरीला पिशव्या बांधणारे लोक शिडीवर होते, आणि माझ्या शेजारी एक माणूस खुशीत खिडकीबाहेर बघत मुलीसाठी शाळा शोधत होता. "हीच चांगली हाय का सर, का ती विमानतळाकडची?"

सहा मार्कांनी तो नापास झाला. आणि धीर त्यानं मला दिला. "तुम्ही कामून तोंड पाडायलाव सर? तुम्ही तर जीव लावून शिकवलाव. मीच कमी पडलो." आमच्या केंद्रावर परीक्षा वर्षातून एकदाच. कंपनीनं सुपरवायझरची जागा एक वर्ष राखायचं कबूल केलं, त्यापुढं नाही. वैष्णवी चौथीत औशातच गेली. मी त्या वर्षात नकाशांमध्ये फार मग्न राहायला शिकलो. भागवत खिडकीशी आला की माझा फोन वाजलेला असायचा, न वाजता. कधी वाटे, आता सांगून काय उपयोग. कधी वाटे, पोस्टाचा घोळ झाला असेल, पेपर दुसऱ्या कुणी तपासला असेल, सहा मार्क दुसऱ्याच प्रश्नात गेले असतील. माणूस स्वतःला सोडवण्यासाठी किती कामसू होतो.

मग पुन्हा चष्मा पांढरा झाला.

गेल्या शुक्रवारी दुपारी भागवत घरी आला. बुटांची धूळ पायपुसण्यावर नीट पुसली, सोफ्याच्या कडेला बसला, पिशवीतून वही काढली.

"सर, या टायमाला चुकायचं न्हाई. माझं काय चुकलं, ते सापडलंय."

मी विचारलं, "काय चुकलं?"

"क्लोदीनबाईवर कमी लिहिलो. चार पानांत काय बसतंय? या साली आठ लिहितो. सुनीता सगळ्या नोट परत ऐकली, मुद्दे काढून पाठवलीय. हे बघा." फोनवर वहीच्या पानाचा फोटो. गोल, दाबून काढलेलं अक्षर, एकेका मुद्द्याखाली पट्टीनं रेघ. मुद्दा क्रमांक सात: टोपी.

कबूल करतो, मला आधी हसू आलं. आतून उसळी मारून आलं, कारण प्रसंग खरोखर फर्मास होता. दुसऱ्याच्या नाटकात असता तर मी उभा राहून टाळ्या दिल्या असत्या. ईरा आतून पाण्याचा ग्लास घेऊन आली, तिनं वहीकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

"बाबा," ती म्हणाली. एवढंच. आणि ग्लास भागवतसमोर ठेवला.

मी सांगितलं. बसूनच सांगितलं. हातांचं काय करायचं ते कळेना, म्हणून मांडीखाली घेतले. क्लोदीन नावाची बाई नव्हती, मी रचली. बाईला मत नव्हतं. प्रश्न बरोबर तोच होता आणि तू बरोबर उलटं लिहिलंस, कारण मी तसं सांगितलं.

"मस्करी करायलाव का?"

"नाही."

त्यानं फोनवरचा सातवा मुद्दा बोटांनी मोठा केला.

"टोपी?"

"तीपण मीच."

"राजा गॉगल लावून पळाला, ते?"

"ते खरं."

"अन् तो पत्रं लिहिणारा?"

"खरा."

"राजा चांगला असला तरी कागद पायजे म्हणलाव, ते?"

"ते खरं आहे, भागवत."

तो प्रत्येक 'खरं'वर मान हलवत होता, पण नाणं वाजवून बघणाऱ्या दुकानदारासारखी. त्या दुपारी मी बारा-तेरा वेळा 'खरं' म्हणालो असेन, आणि प्रत्येक वेळी तो शब्द आधीपेक्षा हलका निघाला. ज्या गोष्टींसाठी त्या शतकात माणसं तुरुंगात गेली, परमुलखात मेली, त्याही आता माझ्या तोंडच्या झाल्या होत्या.

"सुनीता विचारली होती," तो म्हणाला. "तवा तुम्हाला माहीत होतं?"

"होतं."

"मी नापास झालो ते जाऊ द्या सर. मी परत बसतो." त्यानं फोन उलटा करून मांडीवर ठेवला. "पण ती विचारली होती की वो."

मी मांडीखालचे हात काढले आणि पुन्हा तिथंच ठेवले.

त्यानं मान वर करून विचारलं, "मग खऱ्या बाया कुणी नव्हत्याच का तिथं? कुणी मत मागितलंच न्हाई?"

"होत्या," मी म्हणालो. "त्यांनी अर्ज केले होते. स्वतःचं वर्तमानपत्रही काढलं होतं." हे बोलताना मला ते जुनं पान दिसलं, मिरजेच्या ग्रंथालयातलं, तळाशी बारीक अक्षरात दोन ओळी. दोन वर्षांत मी ते पान किती वेळा उलटलं असेल. आणि गाडीत त्या रात्रंदिवस जागलेल्या बाया सोडून मी स्वतःची एक रचायला बसलो होतो, कारण माझी माझ्या हुकमानं चालत होती.

"नावं काय त्यांची?"

"माहीत नाही."

"ह्या पुस्तकात हायत?"

"नसतील. दुसरीकडे शोधावी लागतील. वेळ लागेल, भागवत. तुझी बस—"

"कॅम्पला परतीची बस सहाला हाय." त्यानं सुनीताच्या मुद्द्यांचा फोटो एकदा पाहिला, बंद केला, आणि वहीचं कोरं पान काढून गुडघ्यावर सपाट केलं.

"शोधा सर," तो म्हणाला. "मी बसलोय."